अपराजित संघ आणि दर्जाची सबब

1951 च्या हंगामात युनिव्हर्सिटी ऑफ सॅन फ्रान्सिस्को या छोट्या जेझुइट विद्यापीठाचा अमेरिकी फुटबॉल संघ नऊ सामने खेळला आणि नऊही जिंकला. तरीही नववर्षाच्या सुमारास होणाऱ्या मानाच्या ‘बाउल’ सामन्यांपैकी एकाचेही निमंत्रण त्याला आले नाही. संघात ऑली मॅटसन आणि बर्ल टोलर हे दोन कृष्णवर्णीय खेळाडू होते. या दोघांना मागे ठेवून येत असाल तर मायामीच्या ऑरेंज बाउलचा विचार होईल, असा निरोप आला आणि आम्ही तो धुडकावला, असे त्या संघातले खेळाडू पुढे अनेक वर्षे सांगत राहिले. अमेरिकेत ही आज बाणेदारपणाची कथा म्हणून सांगितली जाते. ती तशी आहेच. पण या कौतुकाच्या भरात डावलणारे अलगद सुटतात. त्यांच्या बाजूने पुढे केले जाणारे कारण तपासून पाहायला हवे.

ते कारण दर्जाचे. संघाचे प्रतिस्पर्धी दुबळे होते, म्हणून निमंत्रण नाही. हे अगदीच खोटे नव्हे. असोसिएटेड प्रेसच्या अखेरच्या क्रमवारीत हा संघ 14 वा होता, तर ऑरेंज बाउलमध्ये खेळलेले जॉर्जिया टेक आणि बेलर त्याच्या वर होते. नऊ सामन्यांपैकी दोन लष्करी तळांच्या संघांशी होते, सॅन होजे स्टेटशी तर दोनदा गाठ पडली, आणि फोर्डहॅमवरचा विजय 32-26 असा निसटता होता. मात्र हे वेळापत्रक कुणाच्या मर्जीवर ठरत होते? आदल्या वर्षी स्टॅनफर्डने या संघाचा धुव्वा उडवला होता, पण रोझ बाउलपर्यंत पोचलेल्या कॅलिफोर्निया विद्यापीठाला त्याच्यावर जेमतेम 13-7 असा विजय मिळवता आला. 1951 मध्ये हे दोन्ही बलाढ्य शेजारी त्याच्या वेळापत्रकात नव्हते. तगड्या पण छोट्या संघाशी खेळून मोठ्या विद्यापीठाला मिळते काय? जिंकले तर कुणी दखल घेत नाही, हरले तर नाचक्की. म्हणजे छोटे म्हणून मोठे सामने नाहीत, आणि मोठे सामने नाहीत म्हणून मान नाही. शिवाय याच संघाने कॉलेज ऑफ द पॅसिफिकला 47-14 असे चारीमुंड्या चीत केले होते, आणि त्या हरलेल्या पॅसिफिकला एल पासोच्या सन बाउलचे बोलावणे आले. सन बाउल ऑरेंज बाउलच्या तोडीचा नव्हता आणि सगळ्या आयोजकांचे धोरण एकसारखे नव्हते, हे मान्य. पण दर्जाची सबब इथे पार उघडी पडते. मॅटसन, जिनो मार्चेटी आणि बॉब सेंट क्लेअर या तिघांना पुढे व्यावसायिक फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये स्थान मिळाले. ते नंतरचे, म्हणून बाजूला ठेवू. पण त्या हंगामात धावत चेंडू पुढे नेण्यात मॅटसन देशात पहिला होता, हे तर निवड करणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर होते.

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे. त्या अटीची हकीकत मुख्यतः खेळाडूंच्या आठवणींवर उभी आहे, आणि आठवणी काळाबरोबर घोटीव होत जातात. पण अलिखित नियमाचा कागद मागणे हाच मुळात त्या नियमाचा फायदा आहे. आजूबाजूला पाहिले तर आठवणींना आधार देणारे बरेच सापडते. 1946 मध्ये पेन स्टेटने कृष्णवर्णीय खेळाडूंना वगळण्याऐवजी मायामी विद्यापीठाविरुद्धचा सामनाच रद्द केला. 1948 मध्ये पेनसिल्व्हेनियातल्या चिमुकल्या लाफायेत कॉलेजने आपल्या कृष्णवर्णीय डेव्हिड शोवेलला खेळू देणार नाहीत म्हणून सन बाउलचे निमंत्रण नाकारले. आणि 1951 च्याच ऑक्टोबरमध्ये ओक्लाहोमातल्या स्टिलवॉटर इथे ड्रेक विद्यापीठाच्या कृष्णवर्णीय जॉनी ब्राइटचा जबडा भर सामन्यात ठोसा मारून मोडण्यात आला. त्याची छायाचित्रे छापून आली, त्यांना पुलित्झर पारितोषिकही मिळाले. अशा वातावरणात दक्षिणेतल्या आयोजकांनी मॅटसन आणि टोलर यांच्याकडे निव्वळ खेळाडू म्हणून पाहिले असेल, यावर विश्वास ठेवायला फारच भाबडेपणा लागतो.

मग नकाराने मिळाले काय, असेही विचारले जाते. हंगाम संपताच तोट्याचे कारण देऊन विद्यापीठाने फुटबॉल बंद केला, आणि बाउलचा पैसा आला असता तर संघ वाचला असता, अशी हळहळ नेहमी व्यक्त होते. मला ती पटत नाही. सेंट मेरीज, जॉर्जटाउन, लॉस एंजेलिसचे लोयोला, सँटा क्लारा या कॅथलिक संस्थांनीही त्याच दोन-तीन वर्षांत मोठा फुटबॉल सोडला, आणि त्यामागे बाउलच्या अशा नकाराचे कारण नव्हते. महागडा खेळ आणि तुटपुंजे उत्पन्न हा मेळ छोट्या संस्थांना बसेना. एका सामन्याच्या कमाईने तो फार तर वर्षभर लांबला असता. तेव्हा संघ बुडाल्याचे खापर त्या खेळाडूंच्या निर्णयावर फोडू नये, आणि त्या निर्णयाला हुतात्म्याचा साजही चढवू नये. आपल्यातल्या दोघांना वगळून मिळणारा मान त्यांना नको होता, एवढे पुरे आहे.

2000 साली अमेरिकी सिनेटने ठराव करून या संघाचा गौरव केला आणि त्याला मिळालेली वागणूक चुकीची होती असे मान्य केले. अर्धशतकानंतरचे ते औदार्य तसे स्वस्तच. टोलरने त्याची वाट पाहिली नव्हती. 1965 मध्येच तो नॅशनल फुटबॉल लीगचा पहिला कृष्णवर्णीय सामनाधिकारी झाला होता. तेव्हा लीगचा आयुक्त होता पीट रोझेल, आणि 1951 मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या या संघाची प्रसिद्धी हाच रोझेल सांभाळत असे.