थायरॉइडची ‘नॉर्मल रेंज’ नक्की कुणाची?

समजा, एकाच घरातले दोन रिपोर्ट आहेत, एकाच लॅबचे. ब्याऐंशी वर्षांच्या आजींचा टीएसएच ६.२, ठळक अक्षरांत आणि शेजारी ‘एच’. आठ आठवड्यांच्या गरोदर नातीचा ४.३, त्याला कसलीच खूण नाही. दोन्ही कागदांवर उजवीकडे तीच रेंज छापलेली: ०.४ ते ४.५. आजी धास्तावतात, नात निश्चिंत होते. व्हायला हवं नेमकं उलटं.

टीएसएच हा पिट्युटरी ग्रंथीने थायरॉइडला दिलेला हुकूम. थायरॉइड सुस्तावली की हुकमाचा आवाज चढतो. पण किती चढला म्हणजे आजार, हे वयावर ठरतं. जन्मानंतरच्या पहिल्या अर्ध्या तासातच बाळाचा टीएसएच साठ-सत्तरच्या घरात उसळतो आणि पुढच्या काही दिवसांत उतरतो. म्हणून नवजात बाळाच्या थायरॉइड तपासणीसाठी टाचेतलं रक्त शक्यतो ४८ तासांनंतर घेतात. तो उतरलाच नाही, तर मात्र एक दिवसही दवडू नये. पहिल्या दोन आठवड्यांत थायरॉक्सिन या थायरॉइड हार्मोनची गोळी सुरू झाली तर मेंदूचं नुकसान टळतं.

उतारवयात ही मर्यादा पुन्हा वर सरकते. ऐंशीच्या पुढे साडेसातपर्यंतचा टीएसएच निरोगी माणसांतही आढळतो. २०१७ साली प्रसिद्ध झालेल्या ‘ट्रस्ट’ चाचणीत पासष्टीपुढच्या, किंचित वाढलेला टीएसएच असलेल्यांना थायरॉक्सिन देऊन पाहिलं; थकवा काही कमी झाला नाही. उलट डोस जास्त झाला तर हृदयाचे ठोके अनियमित होतात, हाडं ठिसूळ होतात.

गरोदरपणाचं गणित आणखी वेगळं. पहिल्या तिमाहीत एचसीजी हा हार्मोन थायरॉइडला परस्पर कामाला लावतो, त्यामुळे टीएसएच खाली येतो. दहाव्या आठवड्यात तो ०.२ दिसला, म्हणून लगेच आजार ठरत नाही. ४.३ मात्र जास्त आहे. अमेरिकन थायरॉइड असोसिएशनने पहिल्या तिमाहीची वरची मर्यादा २०११ मध्ये अडीच सांगितली होती, २०१७ मध्ये ती चारच्या आसपास नेली. नात दोन्हींच्या बाहेर पडते. बाळाची थायरॉइड अठरा-वीस आठवड्यांपर्यंत पुरेशी चालत नाही. तोवर सगळी भिस्त आईवर. आधीपासून थायरॉक्सिन घेणाऱ्या बाईने तर दिवस राहिल्याचं कळताच डॉक्टरांना गाठावं. डोस बहुधा पाव हिश्शाने वाढवावा लागतो.

अशी ज्याची-त्याची रेंज छापणं लॅबला जमण्यासारखं नाही असं नाही. गरोदरपणातल्या डबल मार्कर तपासणीच्या फॉर्मवर आठवडे, वय, वजन सगळं विचारतातच. थायरॉइडच्या फॉर्मवरही ‘गरोदर आहात का, कितवा आठवडा?’ एवढी एक ओळ टाकावी आणि त्याप्रमाणे रेंज छापावी. तोवर चिठ्ठीवर आठवडे लिहून देण्याचं काम डॉक्टरांनी करावं. आणि घरच्यांनी ‘एच’ पाहून गोळी सुरू करू नये, ‘एच’ नाही म्हणून फाइल मिटूही नये.