गेम अडकतो म्हणून संत्री हटवायचा का?

गेम अडकला की पहिली शिवी अँटीव्हायरसला, हा आता बराकीतला रिवाजच झाला आहे. पोस्टिंग बदलतं, भोवतालची भाषा बदलते, लंगरमधल्या डाळीची चव बदलते (खरं तर ती तेवढी बदलत नाही), पण संध्याकाळी सातनंतर कुठल्या तरी खाटेवरून तोच प्रश्न येतो. "साब, एंटीवायरस उड़ा दूँ क्या? गेम अटक रहा है." मी सिग्नल्सचा माणूस. वायरलेस सेटपासून कुणाच्या मोबाइलच्या चार्जरपर्यंत काहीही बिघडलं की लोक माझ्याकडे येतात. या प्रश्नाला माझं उत्तर राजस्थानात जे होतं तेच इथे चहाच्या मळ्यांच्या मुलखातही आहे: उडवू नकोस. पण नुसतं "नको" म्हटल्याने पोरं ऐकत नाहीत आणि त्यांचं बरोबरच आहे. दिवसभर राबून मिळालेला एक तास अडकत अडकत घालवायचा कुणी? म्हणून हे जरा सविस्तर.

आधीच सांगतो, इथे बोलतोय ते स्वतःच्या लॅपटॉपबद्दल, परवानगी घेऊन, नोंद करून ठेवलेल्या. ऑफिसच्या यंत्रांचे नियम वेगळे आहेत आणि त्यावर इथे एक अक्षरही लिहिणार नाही.

अँटीव्हायरस नेमकं काय करतो? गेटवरचा संत्री करतो तेच. कुठलाही प्रोग्राम डिस्कवरची एखादी फाइल उघडायला गेला की तो मध्ये हात घालतो, फाइल पाहतो, ओळखीच्या वाइटांशी ताडून बघतो आणि मगच आत सोडतो. एरवी तुम्ही दिवसाला दहा-वीस कागद उघडता, तेव्हा हे जाणवतही नाही. गेमची गोष्ट वेगळी. आमच्या पोरांचा लाडका जीटीए फाइव्ह घ्या. पीसीवर २०१५ साली आला, अजून जुना होत नाही. त्यातलं अख्खं शहर एकदम रॅममध्ये मावत नाही. तुम्ही गाडी भरधाव सोडलीत की पुढचे रस्ते, इमारती, झाडं डिस्कवरून उचलून आणत राहावं लागतं. लॅपटॉपमध्ये जुनी फिरती हार्ड डिस्क असेल आणि त्याच वेळी अँटीव्हायरसचा स्कॅन चालू असेल, तर एकाच डिस्कला दोन साहेब हुकूम देत असतात. ती बिचारी इकडून तिकडे धावते आणि तुमची गाडी पुलावर हवेतच थांबते.

म्हणजे तक्रार खोटी नाही. पण तिचा अर्थ नीट लावला पाहिजे. अँटीव्हायरसचा त्रास मुख्यतः गेम सुरू होताना, नवा भाग लोड होताना, अपडेट बसताना आणि मागे मोठा स्कॅन चालू असताना होतो. एकदा सगळं रॅममध्ये आलं आणि तरीही गेम सतत, एका लयीत, रडतखडत चालत असेल, तर चोर दुसरा आहे. माझ्यासमोर आलेल्या लॅपटॉपांत तो बहुतेक वेळा धूळ असतो. पंख्याच्या जाळीत गादीचा कापूस आणि वाळू बसलेली, यंत्र तापलेलं, तापलं म्हणून प्रोसेसरने स्वतःचा वेग उतरवलेला. कांबळ्यावर लॅपटॉप ठेवून खेळणाऱ्याने अँटीव्हायरसला शिव्या देऊ नयेत. दुसरा चोर म्हणजे चार जीबी रॅम. तिसरा, चार्जर काढून बॅटरीवर खेळणं.

खात्री करायला एक मिनिट लागतं. गेम अडकत असतानाच कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप एकत्र दाबा, टास्क मॅनेजर उघडेल. डिस्कचा रकाना १०० टक्क्यांवर लाल झालाय का, आणि वर कुणाचं नाव आहे, ते पाहा. विंडोजच्या स्वतःच्या डिफेंडरचं नाव तिथे "अँटीमालवेअर सर्व्हिस एक्झिक्युटेबल" असं लांबलचक दिसतं. ते वर असेल तर पुढचं वाचा. नसेल तर ब्रश घ्या आणि पंखा साफ करा.

आता बराकीतली खास अडचण. शहरातल्या माणसाचा संगणक दिवसभर चालू असतो. विंडोजची देखभालीची ठरलेली वेळ रात्री दोनची आहे, स्कॅन आणि साफसफाई तेव्हा उरकते. आमच्या पोराचा लॅपटॉप दिवसातले बावीस-तेवीस तास ट्रंकेत बंद. तो उघडतो संध्याकाळी, तासाभरासाठी. मग त्या एका तासात सगळेच अंगावर येतात: राहिलेला स्कॅन, अँटीव्हायरसची नवी यादी, विंडोजचं अपडेट, गेमचं अपडेट. वर नेट असं, की गावच्या एसटीची आठवण यावी. जवानाला वाटतं, मी खेळायला बसलो की हा मुद्दाम आडवा येतो. मुद्दाम नाही रे बाबा, त्याला दुसरी वेळच तू दिलेली नाहीस.

म्हणून माझा पहिला उपाय सेटिंगचा नाहीच. रोल कॉलला किंवा लंगरला जाताना लॅपटॉप चार्जरला लावून चालू ठेवायचा, झाकण उघडं, स्लीप बंद. हवं तर जाण्याआधी स्वतःच क्विक स्कॅन लावून जायचा. जेवून येईपर्यंत तो आपलं काम उरकून बसलेला असतो. साधा उपाय आहे, पण मी हाच सगळ्यात जास्त वेळा सुचवतो आणि बहुतेक पोरं त्यानंतर परत येत नाहीत.

दुसरं, पहारेकरी एकच ठेवा. डिफेंडर असताना तुम्ही दुसऱ्या कंपनीचा अँटीव्हायरस टाकलात तर डिफेंडर आपणहून मागे सरकतो. पण बाहेरचे दोन एकत्र टाकलेत तर ते एकमेकांचीच झडती घेत बसतात. लॅपटॉपबरोबर महिनाभराचा फुकट नमुना म्हणून आलेला आणि मुदत संपल्यावर रोज "पैसे भरा" म्हणून डोळ्यांसमोर नाचणारा एखादा असेल, तर तो खुशाल काढा. असल्या फुकट्यांबद्दल मला काडीची सहानुभूती नाही. पण काढल्यावर डिफेंडर पुन्हा जागा झालाय ना, ते बघा.

विकतचा चांगला अँटीव्हायरस असेल तर त्यात बहुधा गेमिंग मोड किंवा सायलेंट मोड असतो. तो वापरा. त्याने पहारा उठत नाही, फक्त सूचना थांबतात आणि मोठे स्कॅन पुढे ढकलले जातात. डिफेंडरमध्ये ठरलेल्या स्कॅनने प्रोसेसरचा किती वाटा घ्यायचा हे पॉवरशेलमधून कमी करता येतं. मूळ आकडा ५० टक्के आहे, जुन्या यंत्रावर मी तो २० वर आणतो. स्कॅन लांबतो, पण श्वास घ्यायला जागा राहते.

आणि मग येतं एक्सक्लुजन, म्हणजे "या फोल्डरकडे बघू नकोस" असं सांगणं. विंडोज सिक्युरिटी उघडून व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन, त्यात मॅनेज सेटिंग्ज, आणि अगदी खाली एक्सक्लुजन्स. खेळ लोड होताना खरोखर फरक पडतो, विशेषतः फिरत्या डिस्कवर. पण हीच ती जागा आहे जिथे लोक सगळ्यात जास्त ढिलाई करतात. एका गेमचा फोल्डर सांगायचा तर अख्खा डी ड्राइव्ह सांगून मोकळे होतात. काही जण तर डाउनलोड्सचा फोल्डरच वगळतात, म्हणजे मेन गेट सताड उघडं ठेवून मागच्या कुंपणाला कुलूप. प्रोसेस वगळण्याचा पर्यायही असतो, तो टाळा. डिफेंडरमध्ये त्याचा अर्थ असा होतो की तो प्रोग्राम ज्या ज्या फाइली उघडेल त्या चालू तपासातून सुटल्या, मग त्या कुठेही असोत.

"पण साब, गेम विकत घेतलाय, स्टीमवरचा आहे," असं एक जण म्हणाला. ठीक आहे, विकत घेतलास हे उत्तमच. तरी त्या एकाच गेमचा फोल्डर वगळ, सगळी लायब्ररी नको. २०२५ च्या फेब्रुवारीत पायरेटफाय नावाचा एक फुकट गेम स्टीमवरूनच काढून टाकावा लागला, कारण त्यात माहिती चोरणारा प्रोग्राम निघाला. ज्यांनी सगळी लायब्ररी वगळली होती त्यांच्या घरात चोराला कुणी अडवायचंच नव्हतं.

हे झालं विकत घेणाऱ्यांचं. बराकीत विकत घेणारे किती, ते मला विचारू नका. एका पेन ड्राइव्हवर आलेला गेम आठ खाटा फिरतो. त्यासोबत एक छोटी टेक्स्ट फाइल असते आणि तिच्यात पहिलीच सूचना: इन्स्टॉल करण्यापूर्वी अँटीव्हायरस बंद करा. इथे मला खरंच राग येतो. गेटवर येऊन एखादा म्हणाला, "आधी तुमच्या संत्र्याला आत पाठवा, मग मी येतो," तर आपण काय करू? त्याला बसवून चहा देऊ? पण हेच वाक्य स्क्रीनवर आलं की शिकलेला, शस्त्र सांभाळणारा माणूस मुकाट्याने बटण दाबतो.

पोरांकडे याला एक उत्तर असतं आणि ते अर्धं खरं आहे. क्रॅक केलेल्या गेमची मूळ फाइल बदललेली असते, त्यामुळे त्यात काही वाईट नसतानाही अँटीव्हायरस ओरडतो. हो, ओरडतो. म्हणूनच तर खऱ्या चोराला ती जागा आवडते. सगळ्यांनाच ठाऊक आहे की इथे घंटा वाजणार आणि सगळेच ती दुर्लक्षित करणार. खोटी घंटा कुठली आणि खरी कुठली, हे त्या खाटेवर बसून कुणालाही सांगता येत नाही, मलासुद्धा नाही.

कुणी म्हणेल, गेमचा हिशोब आहे, त्यात इतकं काय? आमच्या बाबतीत इतकंच आहे की आमच्या लॅपटॉपमध्ये फक्त आम्ही नसतो. जुलै २०२० मध्ये सेनेने सगळ्यांना ८९ ॲप काढायला सांगितली, त्यात फेसबुक होतं आणि पबजीही होतं. तेव्हा मोबाइलवरचा पबजी गेला म्हणून बराकीत सुतक पडलं होतं. पण लॅपटॉप राहिला. त्याच लॅपटॉपवर बायको बँकेचं काम करते, मुलाचा अभ्यास चालतो, ब्राउझरमध्ये व्हॉट्सॲप उघडंच राहतं. माहिती चोरणाऱ्या प्रोग्रामला पासवर्डही लागत नाही. ब्राउझरने जपून ठेवलेली लॉगिनची खूण उचलली की तो तुमच्या नावाने आत. मग सुट्टीचा अर्ज, युनिफॉर्ममधले फोटो, कोण कुठे निघालाय ते ग्रुपवरचे निरोप, सगळं त्याच्या हातात. सीमेपलीकडून आपल्या सैनिकांवर आणि त्यांच्या घरच्यांवर डोळा ठेवून असले प्रोग्राम सोडणारे गट आहेत, हे आता जगजाहीर आहे.

म्हणजे मी अँटीव्हायरसचा भक्त आहे असं नाही. १९ जुलै २०२४ ला क्राउडस्ट्राइकच्या एका चुकीच्या अपडेटने जगभरातली सुमारे ८५ लाख विंडोज यंत्रं झोपवली, विमानतळांवर लोक रांगेत अडकले. संत्र्याचीच बंदूक चुकून उडाली की असं होतं. या सॉफ्टवेअरवर संशय घेणारा माणूस मूर्ख नाही. मला गंमत वाटते ती निवडक संशयाची. तोच पोरगा व्हॅलोरंट खेळायला त्याचा व्हँगार्ड आनंदाने टाकतो. तो चीटिंग पकडणारा प्रोग्राम लॅपटॉप सुरू होताच विंडोजच्या अगदी गाभ्यात जाऊन बसतो, गेम चालू असो वा नसो. त्याच्याबद्दल ब्र नाही. गेम चालवायला हवा म्हणून तो चालतो, आणि घर राखतो तो मात्र जड होतो!

आणि जाता जाता हेही. अँटीव्हायरस म्हणजे कुणी परदेशी पाहुणा नव्हे. पुण्यात कॅलक्युलेटर दुरुस्तीच्या दुकानापासून सुरुवात केलेल्या कैलास काटकरांनी आणि त्यांचे भाऊ संजय यांनी नव्वदच्या दशकात क्विक हील उभं केलं. दुरुस्तीला येणाऱ्या यंत्रांत व्हायरस सापडायचे, म्हणून धाकट्याने औषध लिहिलं. मराठी दुकानदाराची ही गोष्ट मी बिहारच्या, केरळच्या पोरांना चढ्या आवाजात सांगतो.

घरी लॅपटॉप पोरांच्या हातात सोडून पोस्टिंगवर आलेल्या माझ्या भावांना एक काम सांगतो. आज रात्री फोन लागला की मुलाला ती एक्सक्लुजनची यादी उघडायला सांगा आणि मोठ्याने वाचून घ्या. त्याने स्वतः टाकलेला गेमचा फोल्डर असेल तर राहू द्या. पण "हे मी टाकलंच नाही" असं एखाद्या नावाबद्दल तो म्हणाला, तर सावध व्हा. आत शिरलेले प्रोग्राम स्वतःचं नाव त्या यादीत घालून घेतात. नेट लगेच तोडायला सांगा. ते नाव यादीतून काढून विंडोज सिक्युरिटीतला ऑफलाइन स्कॅन चालवा, आणि बँकेचे, मेलचे पासवर्ड दुसऱ्या यंत्रावरून बदला. व्हॉट्सॲपमध्ये लिंक्ड डिव्हाइसेसमधून तो लॅपटॉपही काढून टाका. मुलाला रागावू नका, नाहीतर पुढच्या वेळी तो यादी वाचून दाखवणार नाही.