आफ्रिकेत फुटबॉलची फायनल दोनदा का खेळतात?

युरोपात चॅम्पियन्स लीगची फायनल एका रात्रीत संपते. आफ्रिकेत मात्र एक मॅच आपल्या घरी, दुसरी समोरच्याच्या घरी. दोन्हीकडचे गोल मिळवून विजेता ठरतो.

पद्धत जुनीच, पण मध्ये ती बंद झाली होती. का?

2019 ची फायनल. ट्युनिसची एस्पेरान्स विरुद्ध कॅसाब्लांकाची वायदाद. ट्युनिसमधल्या दुसऱ्या मॅचमध्ये वायदादचा गोल नाकारला गेला. रिप्ले बघा म्हणावं, तर व्हीएआर यंत्रणाच बंद! वायदाद खेळेना, कप एस्पेरान्सला मिळाला आणि भांडण क्रीडा लवादापर्यंत गेलं.

पुढच्या सीझनपासून ठरलं, फायनल एकच, तीही आधी निवडलेल्या मैदानावर. पण 2022 मध्ये मैदान निघालं कॅसाब्लांका आणि फायनलला पोचली वायदादच! कैरोच्या अल अहलीने तक्रार केली, उपयोग झाला नाही. वायदाद 2-0 ने जिंकली.

2023 मध्ये दोन मॅचची फायनल परत आली. संघ तेच. कैरोत अल अहली 2-1, कॅसाब्लांकात 1-1. एकूण 3-2 ने कप अल अहलीचा.

थोडक्यात, घरच्या गर्दीचा फायदा कुणालाच मिळणार नाही असं मैदान शोधण्यापेक्षा, तो दोघांनाही देणं सोपं ठरलं.