संत्र्यांच्या दिवसांत ओव्हन माळ्यावर नको

पुण्यातल्या कितीतरी घरांत ओव्हन आहे आणि तो बंद आहे. हौसेने आणलेला, दोन-चार केक झाले, मग प्लॅस्टिक गुंडाळून माळ्यावर गेलेला. माझी अगदी कळकळीची विनंती आहे, डिसेंबर ते मार्च एवढे चार महिने तरी तो खाली उतरवा आणि त्यात फळांचे स्कोन भाजा. केक नंतर करा, कुकीज नंतर करा. आधी स्कोन.

आपल्या गावात भाजलेल्या पदार्थांची काही वाण नाही. ईस्ट स्ट्रीटवरची कयानी बेकरी 1955 पासून आहे आणि तिथल्या श्रूजबेरी बिस्किटांसाठी लोक आजही रांगेत उभे राहतात. खारी, टोस्ट, पॅटिस तर गल्लोगल्ली मिळतं. हे सगळं बेकरीतूनच आणा, घरी करण्याचा आग्रह मी धरणार नाही. बिस्कीट डब्यात आठ-पंधरा दिवस कुरकुरीत राहतं, त्यामुळे ते दुकानातून आणलं काय आणि घरी केलं काय, फार फरक पडत नाही. स्कोनचं तसं नाही. भट्टीतून निघाल्यावर पहिले दोन-तीन तास त्याचे खरे. वरून किंचित कडक, आत मऊ, पदर सुटलेले. संध्याकाळी तो बरा लागतो आणि दुसऱ्या दिवशी नुसता कोरडा पाव. इतका अल्पायुषी पदार्थ दुकानात ठेवणं परवडत नाही. म्हणून त्याची जागा घरात आहे, जिथे ओव्हनपासून ताटलीपर्यंत चार पावलं असतात.

घरी भाजणं आपल्याला परकं आहे असंही कुणी म्हणू नये. दिवाळीच्या आधी मैदा, रवा, तूप, पिठीसाखर डब्यांत भरून पेठेतल्या बेकरीत जायचं आणि भट्टीतून नानकटाई भाजून आणायची, हे पुण्यातल्या बायकांनी वर्षानुवर्षं केलं आहे. भट्टी आता स्वयंपाकघरात आली आहे, एवढाच फरक.

दुसरं कारण फळांचं, आणि माझ्या दृष्टीने तेच मोठं. दिवे घाट चढून गेलं की पुरंदर तालुक्यातल्या अंजिराच्या बागा लागतात. या अंजिराला 2016 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, आणि फळबागेच्या पुस्तकांत या जातीचं नावच ‘पूना फिग’ आहे. अंजीर झाडावरून उतरवल्यावर नीट पिकत नाही. ते पिकलेलंच तोडावं लागतं आणि पिकलेलं अंजीर एक-दोन दिवसांत मान टाकतं. स्ट्रॉबेरीचंही तेच, तोडल्यावर ती गोड होत नाही. महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीला 2010 मध्येच मानांकन मिळालं आहे, आणि महाबळेश्वर आपल्यापासून सव्वाशे किलोमीटरच्या आत आहे. म्हणजे दूरच्या शहरांतल्या लोकांना जी फळं जेमतेम बरी मिळतात, ती आपल्याला मंडईत ऐन भरात मिळतात. त्यात याच दिवसांत नागपूरची संत्री येतात. अशी तीन फळं एका वेळी हाताशी असताना आपण डब्यातलं रंगीत टुटीफ्रूटी घालून केक करतो, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

फळ निवडताना एक सांगते. मोठी, चकचकीत स्ट्रॉबेरी नुसती खायला घ्या. स्कोनसाठी छोटी, घट्ट, जराशी आंबटच हवी. ती स्वस्तही मिळते. धुताना देठ काढू नका, नाहीतर पाणी आत शिरतं. आधी धुवा, फडक्यावर टिपून कोरडी करा, मग देठ काढून तिचे चार-सहा तुकडे करा. अंजीर पिकलेलं पण हाताला घट्ट लागणारं घ्या. अगदी लिबलिबीत झालं असेल तर त्याचा जॅम करा, पिठात त्याचा चिखल होतो. ताजं फळ नसेल तेव्हा सांगली-तासगावचे बेदाणे किंवा सुकं अंजीर चिरून संत्र्याच्या रसात अर्धा तास भिजवा. तेही उत्तम लागतं.

आता प्रमाण. आठ स्कोनसाठी अडीचशे ग्रॅम मैदा, अडीच चहाचे चमचे बेकिंग पावडर, पन्नास ग्रॅम साखर, पंच्याहत्तर ग्रॅम थंड लोणी, सव्वाशे ग्रॅम फळ, दोन मोठे चमचे दही आणि साधारण शंभर मिली थंड दूध. मैद्यातला तिसरा हिस्सा काढून तेवढी कणीक घातली तरी चालते. विकतचं बटर खारं असेल तर मीठ घालू नका, नाहीतर चिमूटभर. अंडं लागत नाही, त्यामुळे शाकाहारी घरांतही काही अडत नाही. सायीचं घरचं लोणी वापरणार असाल तर ताक पूर्ण निघेपर्यंत ते धुवा, पाणी दाबून काढा आणि फ्रीजमध्ये दगडासारखं घट्ट करून घ्या. बेकिंग पावडरचा डबा गेल्या वर्षीचा असेल तर चमचाभर पावडर गरम पाण्यात टाकून बघा. फसफसून वर आली नाही तर ती टाकून नवी आणा.

सगळी गोम पुढच्या दहा मिनिटांत आहे. शंकरपाळ्यांना आपण कडकडीत मोहन घालतो. इथे मोहन थंडगार हवं. मैदा, साखर, बेकिंग पावडर एकत्र चाळून परातीत घ्या, त्यात लोण्याचे तुकडे टाका आणि फक्त बोटांच्या टोकांनी चोळा. तळहात लावू नका, तो गरम असतो. पीठ भरड रव्यासारखं दिसू लागेल, पण मधे मधे ज्वारीच्या, काही ठिकाणी तुरीच्या दाण्याएवढे लोण्याचे खडे डोळ्यांना दिसलेच पाहिजेत. ओव्हनमध्ये हे खडे वितळतात, त्यांच्यातल्या पाण्याची वाफ होते आणि ती वाफ पीठ उचलून धरते. पदर तिथून येतात. खडे दिसेनासे होऊन पीठ पिवळसर, तुपकट वाटायला लागलं तर परात तशीच पंधरा मिनिटं फ्रीजमध्ये सरकवा. मार्च उजाडला की पुण्यात दुपारी स्वयंपाकघर तापतं, तेव्हा हे काम सकाळी सातलाच उरका आणि मैदाही आदल्या रात्री फ्रीजमध्ये ठेवा.

मग फळ घालून हलक्या हाताने उलटसुलट करा. दह्यात दूध कालवून ते थोडं थोडं शिंपडा. स्ट्रॉबेरीला स्वतःचं पाणी सुटतं, म्हणून दूध सगळं एकदम ओतू नका. आणि आता ज्यासाठी मी हा सगळा लेख लिहिते आहे ते वाक्य: मळू नका. पोळ्या करणारा हात पीठ दिसलं की मळायला लागतो, त्याला तीच सवय असते. पोळीला तो चिवटपणा हवा असतो, म्हणून आपण कणीक तिंबतो, मुरत ठेवतो. स्कोनमध्ये तोच चिवटपणा आला की पदार्थ बसला. गोळा खडबडीत राहू द्या, इथेतिथे कोरडं पीठ दिसू द्या. तो ओट्यावर काढून हाताने थापा, घडी घाला, पुन्हा थापा. असं तीन-चार वेळा, बस. पहिल्या वेळी तुम्हाला वाटेल की हे अर्धवट राहिलं. राहू द्या.

लाटणं घेऊच नका. लाटणं हातात आलं की थर पातळ होतोच, आणि स्कोन दोन-अडीच सेंटीमीटर जाड हवा. वाटीने गोल पाडत बसलात तर कडेचं पीठ उरतं आणि ते पुन्हा गोळा करताना मळलं जातं. त्यापेक्षा गोल थापा आणि धारदार सुरीने आठ त्रिकोण कापा. सुरी सरळ खाली दाबा, ओढू नका. कड चेपली गेली की ती बाजू फुगत नाही. ट्रे वीस मिनिटं फ्रीजमध्ये ठेवा आणि तेवढ्यात ओव्हन 200 अंशांवर तापवून घ्या. दोन्ही कॉइल चालू, ट्रे मधल्या खाचेत, वरून दुधाचा हात, सोळा ते वीस मिनिटं. एक स्कोन उलटून बघा. बूड बदामी झालं असेल तर झाले. विजेची काळजी करणाऱ्यांसाठी हिशेब: दीड हजार वॅटचा ओव्हन अर्धा तास चालला तर फार तर पाऊण युनिट होतं. मायक्रोवेव्ह असेल तर कन्व्हेक्शनवर भाजा. नुसत्या मायक्रोवेव्हवर ते भाजले जात नाहीत, वाफवले जातात.

ओव्हनच नाही, तरी मागे राहू नका. स्कोन मुळात स्कॉटलंडमधला, आणि तिथे तो जाड लोखंडी तव्यावरच भाजत. बेकिंग पावडर तर 1843 मध्ये बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड यांनी तयार केली. आजचा फुगीर स्कोन त्यानंतरचा. बेदाण्याचं किंवा सुक्या अंजिराचं पीठ करा, दीड सेंटीमीटर थापा, जाड तव्यावर अगदी मंद आचेवर झाकण ठेवून एका बाजूने सात-आठ मिनिटं, मग उलटून तेवढंच. ताजं फळ मात्र तव्यावर नको, पाणी सुटून खाली चिकटतं. काही जण रिकामा कुकर तापवून त्यात भाजतात. माझा सल्ला विचाराल तर तसं करू नका, कोरड्या आचेने कुकर खराब होतो.

वरच्या ग्लेझसाठी संत्रं सोलण्याआधी किसा. नागपुरी संत्र्याची साल सैल असते, सोलल्यावर ती किसणीवर धरताच येत नाही. आधी कोमट पाण्याने चोळून धुवा, कारण बाजारातल्या फळांवर कधी कधी मेणाचा थर असतो. बारीक किसणीवर फक्त केशरी भाग घ्या, खालचा पांढरा कडू असतो. शंभर ग्रॅम पिठीसाखर, हा कीस, एक मोठा चमचा संत्र्याचा रस आणि अर्ध्या कागदी लिंबाचा रस. लिंबू वगळू नका, नागपुरी संत्र्याच्या गोडव्याला त्यानेच धार येते. मिक्सरमध्ये घरी केलेल्या पिठीसाखरेत कॉर्नफ्लोअर नसतं, त्यामुळे ग्लेझ चटकन पातळ होतं. रस चमच्याचमच्याने घाला. चमच्यावरून जाड धार सावकाश पडली पाहिजे. स्कोन दहा-पंधरा मिनिटं निवू द्या आणि मगच वरून सोडा. कडकडीत गरम असताना घातलंत तर सगळं ग्लेझ ट्रेमध्ये उतरतं.

घरात दोघंच असाल तर आठ भाजू नका. दोन-तीन भाजा, बाकीचे कच्चेच ट्रेवर गोठवून मग डब्यात भरा. महिनाभर राहतात. पाहुणे आले की बर्फासकट ओव्हनमध्ये घाला, तीन-चार मिनिटं जास्त लागतात. पोरांना लोणी चोळायला बसवा, त्यांची बोटं लहान आणि हात हलका असतो.

आणि भाजलेले दुसऱ्या दिवशी उरलेच, तर मधोमध चिरून कापलेली बाजू गरम तव्यावर मिनिटभर टेकवा, लोणी लावा आणि सकाळच्या चहाबरोबर संपवा.