पूर्णेच्या वरल्या अंगाला

अकोल्याची मोर्णा ज्या पूर्णेस मिळते, तीच पूर्णा पुढे आपल्या बुलढाणा जिल्ह्यातील शेगाव, नांदुरा, मलकापूर या तालुक्यांच्या शिवारांतून वाहत जाऊन चांगदेवास तापीत विलीन होते; म्हणून १३ जानेवारी २०१८ रोजी सुमारे सहा हजार अकोलेकरांनी मोर्णेच्या चार किलोमीटरच्या पात्रात जलपर्णी उपसण्यास जो आरंभ केला, तो आम्हांस परजिल्ह्यातील उपक्रम वाटत नाही. ओल्या मुळ्यांतून निथळणारा काळा गाळ अंगावर घेत केलेल्या त्या श्रमांपुढे आम्ही नतमस्तक आहोत. परंतु जलपर्णी हे केवळ लक्षण होय. सांडपाण्यातील नत्र आणि स्फुरद तिला पोसतात, आणि तो ओघ कायम राहिला तर उपसलेले पात्र ती काही आठवड्यांत पुन्हा व्यापते. पूर्णेच्या खोऱ्यातील खारपाणपट्ट्यात विहिरींचे पाणीच खारे असल्याने तेथील रयतेस नदी नासणे परवडणारे नाही. प्रक्रियेविना दूषित पाणी सोडण्यास १९७४ च्या जलप्रदूषण कायद्याने कारखानदार व नगरपालिका या उभयतांस मनाई केली आहे. त्याच्या अंमलबजावणीचे कागद दप्तरात पडून न राहता पाणी-तपासणीचे आकडे दरमहा नदीकाठच्या प्रत्येक ग्रामपंचायतीच्या फलकावर लागावेत, अशी आमची जिल्हा प्रशासनाकडे आग्रहाची मागणी आहे.