आम्हांला फक्त रामप्रसाद हवा!

अमोल पालेकर हे नाव चारचौघांत काढून पाहा. आजोबांपासून नातीपर्यंत साऱ्यांच्या ओठांवर हसू येते. 'छोटी सी बात'मधला बसथांब्यावरचा बुजरा प्रेमवीर, 'गोलमाल'मधली ती मिशी! हसू खरे, प्रेमही खरे. पण त्या प्रेमाच्या भरात एका कर्त्या दिग्दर्शकाला आपण अडगळीत टाकले आहे आणि त्याची कोणाला लाज वाटत नाही, अशी माझी तक्रार आहे.

जे. जे. कलाशाळेत चित्रकला शिकलेले पालेकर सत्यदेव दुबे यांच्या तालमीत रंगभूमीवर उभे राहिले. दुब्यांच्याच 'शांतता! कोर्ट चालू आहे' (१९७१) मधून ते पडद्यावर आले. १९७४ साली 'रजनीगंधा', १९७९ साली 'गोलमाल'. यश असे दाराशी लोळत असताना त्यांनी १९८१ साली दिग्दर्शक म्हणून काढला तो 'आक्रीत'! पटकथा तेंडुलकरांची, विषय मानवतच्या हत्याकांडावरून घेतलेला. रामप्रसादाच्या मिशीवर पोट धरून हसणारे प्रेक्षक तिकडे कशाला फिरकतात?

कोणी म्हणेल, लोकांना भोळा नायक आवडला, यात लोकांचा काय दोष? अहो, पण नट म्हणून तरी हा मनुष्य नुसता भोळा कुठे होता? 'घरौंदा'त जागेच्या हव्यासापायी आपल्या वाग्दत्त वधूला आजारी मालकाशी लग्न करायला सुचवणारा तो कारकून आठवा. 'भूमिका'तला बायकोच्या कमाईवर जगणारा नवरा आठवा. दोन्ही चित्रपट १९७७ चे. तेही आपण सोयीस्कर विसरलो. आपल्याला आरशात फक्त आपली गोजिरवाणी बाजू बघायची आहे!

मी मास्तर आहे, म्हणून 'बनगरवाडी'विषयी (१९९५) थोडे अधिक बोलतो. व्यंकटेश माडगूळकरांची कादंबरी म्हणजे माणदेशच्या माळावरचे गवत. हातात धरायला जावे तो निसटते. तरुण मास्तर धनगरांच्या वाडीत येतो, तालीम उभी राहते, मग दुष्काळ पडतो आणि वाडी मेंढरांमागे निघून जाते. एवढेच. यात नायिकेच्या मागे धावणे नाही, खलनायक नाही. पालेकरांनी ते तसेच राहू दिले. शाळा ओस पडते म्हणजे काय होते, हे ज्याने पटावरची नावे एकामागून एक खोडली आहेत त्याला विचारा.

'ध्यासपर्व' (२००१) तर र. धों. कर्व्यांवरचा. ज्या माणसाने १९२१ साली संततिनियमनाचे केंद्र काढले, १९२७ पासून 'समाजस्वास्थ्य' चालवले, त्यापायी खटले सोसले, त्याच्या आयुष्यावर चित्रपट करणे हे धाडसच. आणि आपल्याकडे? स्नेहसंमेलनात 'गोलमाल' दाखवायचा ठराव एकमुखाने पास होतो. 'ध्यासपर्व'चे नाव काढले की "मुलांसमोर नको हो" म्हणून माना हलतात! त्याच मुलांच्या आईबापांनी कधीकाळी दूरदर्शनवर त्यांचीच 'कच्ची धूप' (१९८७) घरच्यांबरोबर बसून पाहिली असेल. पण मालिकेचा दिग्दर्शक कोण, हे विचारण्याची आपल्याकडे पद्धतच नाही.

त्यांचे सारेच मला पटते असे नव्हे. 'पहेली'त (२००५) विजयदान देथांच्या कथेचा शेवट त्यांनी गोड केला. मुळात त्या भुताला पखालीत कोंडून फेकून देतात आणि बाई नको असलेल्या नवऱ्यापाशी उरते. तो कडू घोट त्यांनी प्रेक्षकाला पाजायला हवा होता. पण हे भांडण दिग्दर्शकाशी भांडावे तसे आहे. तुम्ही तर त्यांना त्या मानाचेही समजत नाही.

फेब्रुवारी २०१९ मध्ये मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कलादालनात, प्रभाकर बरव्यांच्या प्रदर्शनाच्या वेळी, पालेकर त्या संस्थेच्या धोरणाविषयी प्रश्न विचारू लागले. त्यांना भाषणाच्या मध्येच टोकण्यात आले. बरव्यांविषयीच बोला, म्हणे.