दिव्याचे यश आणि खाडिलकर भगिनींचा वारसा

दि. २८ जुलै २०२५ रोजी जॉर्जियातील बाटुमी येथे महिलांच्या विश्वचषक बुद्धिबळ स्पर्धेची अंतिम लढत निकाली निघाली, तेव्हा पटाच्या दोन्ही बाजूंना भारतकन्याच बसल्या होत्या. एकीकडे आंध्र प्रदेशच्या अनुभवी कोनेरू हम्पी आणि दुसरीकडे नागपूरची एकोणीस वर्षांची दिव्या देशमुख. पारंपरिक पद्धतीचे दोन्ही डाव बरोबरीत सुटले आणि जलद डावांत दिव्याने बाजी मारली. या विजयाने विश्वचषकाबरोबरच ग्रँडमास्टर हा बुद्धिबळातील सर्वोच्च किताबही तिच्या पदरी पडला. हम्पी, द्रोणवल्ली हरिका आणि आर. वैशाली यांच्यानंतर हा मान मिळविणारी ती चौथी भारतीय महिला ठरली. नागपूरने तिचे जल्लोषात स्वागत केले, राज्य शासनाने तिला रोख पारितोषिक देऊन गौरविले. हा आनंद सर्वथा उचित होता.

मात्र सत्काराचे हार सुकल्यानंतर एका प्रश्नाचा विचार शांतपणे व्हावयास हवा. महिला बुद्धिबळात महाराष्ट्र ही भारताची आद्यभूमी. असे असूनही महाराष्ट्रातील पहिली महिला ग्रँडमास्टर घडण्यास २०२५ साल का उजाडावे लागले?

राष्ट्रीय महिला अजिंक्यपद स्पर्धा प्रथम १९७४ मध्ये झाली. ती जिंकली मुंबईच्या वासंती खाडिलकर यांनी. त्यानंतरचे जवळजवळ दशकभर हे विजेतेपद वासंती, जयश्री आणि रोहिणी या तीन भगिनींच्या घराबाहेर गेलेच नाही. नाट्याचार्य कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांनी स्थापन केलेल्या ‘नवाकाळ’चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या या कन्या. जयश्री या महिला आंतरराष्ट्रीय मास्टर हा किताब मिळविणाऱ्या पहिल्या भारतीय ठरल्या. रोहिणी यांनी पाच वेळा राष्ट्रीय आणि १९८१ व १९८३ असे दोन वेळा आशियाई अजिंक्यपद मिळविले.

पण रोहिणी यांचे सर्वांत मोठे कार्य पदकांच्या यादीत सापडत नाही. १९७६ मध्ये, वयाच्या अवघ्या तेराव्या वर्षी, त्या पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरल्या. मुलीने पुरुषांच्या स्पर्धेत खेळावे यास आक्षेप घेतला गेला. प्रकरण उच्च न्यायालयात गेले आणि तेथे त्यांच्या बाजूने निर्णय झाला. माजी विश्वविजेते आणि तेव्हाचे जागतिक बुद्धिबळ महासंघाचे अध्यक्ष मॅक्स यूव यांनीही राष्ट्रीय व आंतरराष्ट्रीय स्पर्धांतून महिलांना वगळता येणार नाही, असा निर्वाळा दिला. आज भारताच्या मुली खुल्या गटात पुरुषांसमोर सहजपणे बसतात. तो मार्ग मोकळा करणाऱ्यांत मुंबईच्या एका शाळकरी मुलीचा आणि तिच्या पाठीशी खंबीरपणे उभ्या राहिलेल्या पित्याचा वाटा आहे, याची जाण किती जणांना असते?

खाडिलकर भगिनींनंतरही महाराष्ट्राची परंपरा खंडित झाली नव्हती. भाग्यश्री साठे-ठिपसे आणि अनुपमा अभ्यंकर-गोखले यांनी प्रत्येकी पाच वेळा राष्ट्रीय अजिंक्यपद मिळविले. अनुपमा यांना १९८६ मध्ये पद्मश्री मिळाली, तेव्हा त्या सोळा वर्षांच्या होत्या. सांगलीत भाऊसाहेब पडसलगीकर यांनी नूतन बुद्धिबळ मंडळाच्या माध्यमातून आयुष्यभर या खेळाची सेवा केली. पुण्याच्या सौम्या स्वामिनाथन हिने २००९ मध्ये कनिष्ठ गटाचे जागतिक विजेतेपद आणले. गुणवत्तेचा दुष्काळ महाराष्ट्रात कधीच नव्हता. तथापि नव्या शतकाच्या प्रारंभी महिला बुद्धिबळाचे केंद्र दक्षिणेकडे सरकले. हम्पी २००२ मध्ये, वयाच्या पंधराव्या वर्षी, भारताची पहिली महिला ग्रँडमास्टर झाली. २०११ मध्ये हरिका आणि त्यानंतर चेन्नईची वैशाली यांनी तिचा कित्ता गिरविला.

हे असे का घडले, याचे उत्तर तामिळनाडूच्या वाटचालीत दिसते. भारताचे पहिले आंतरराष्ट्रीय मास्टर मॅन्युएल आरन यांच्या पुढाकाराने १९७२ मध्ये मद्रासच्या सोव्हिएत सांस्कृतिक केंद्रात ताल चेस क्लब उभा राहिला. विश्वनाथन आनंदला पहिले धडे दिले त्याच्या मातोश्रींनी, पण त्याला रोज नवे प्रतिस्पर्धी मिळाले ते या क्लबात. पुढे आनंद १९८८ मध्ये भारताचा पहिला ग्रँडमास्टर झाला, नंतर पाच वेळा विश्वविजेता झाला आणि निवृत्तीची वाट न पाहता नव्या पिढीच्या मार्गदर्शनासाठी पुढे सरसावला. आर. बी. रमेश यांनी इंडियन ऑइलमधील सुरक्षित नोकरी सोडून पूर्णवेळ प्रशिक्षण पत्करले. वैशाली आणि तिचा धाकटा भाऊ प्रज्ञानंद हे त्यांचेच शिष्य. २०२४ मध्ये अठराव्या वर्षी विश्वविजेता झालेल्या डी. गुकेशच्या वडिलांनी मुलाबरोबर स्पर्धांना जाता यावे म्हणून आपला वैद्यकीय व्यवसाय बाजूला ठेवला. त्याग तेथील कुटुंबांनीही केलाच. परंतु त्या घरांचे दार उघडत होते ते एका क्लबाकडे, एका शाळेकडे, एका गुरूकडे. महाराष्ट्रात मात्र एकेका घराने आपापल्या बळावर शिखर गाठले आणि त्या घरातील मुलगी खेळातून बाजूला झाली की ती वाटही तेथेच थांबली.

या खेळाला मैदान लागत नाही, म्हणून तो स्वस्त आहे असा एक समज आहे. तो खरा नाही. ग्रँडमास्टर होण्यासाठी सामान्यतः २५०० गुणांकन आणि तीन नॉर्म आवश्यक असतात. नॉर्म मिळवावयाचा तर परदेशी आणि किताबधारी खेळाडूंचा सहभाग असलेल्या स्पर्धा खेळाव्या लागतात. त्यासाठी युरोपच्या वाऱ्या, प्रशिक्षकाचे मानधन, आणि मुलगी लहान असेल तर सोबतीस आई किंवा वडील, असा दुहेरी खर्च. दिव्याचे आई-वडील दोघेही डॉक्टर. त्यांनी हा भार उचलला आणि नागपुरातच राहुल जोशी यांच्यासारखे आरंभीचे प्रशिक्षक तिला लाभले. विशेष म्हणजे बाटुमीला जाताना दिव्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. विश्वचषक विजेतीस थेट किताब देण्याच्या नियमामुळे तिला तो मिळाला. अशी झेप सर्वांनाच घेता येणार नाही. ज्या घरात एकाच पगारावर संसार चालतो, तेथील तितक्याच बुद्धिमान मुलीने कोणाकडे पाहावे?

अडसर केवळ पैशाचा नाही. जानेवारी २०२४ मध्ये नेदरलँड्समधील वाइक आन झी येथील स्पर्धेनंतर दिव्याने जाहीरपणे एक खंत बोलून दाखविली. आपल्या डावांपेक्षा प्रेक्षक आपले कपडे, केस आणि उच्चार यांचीच चर्चा करतात, असे ती म्हणाली. तेव्हा ती अठरा वर्षांची होती. त्याच वर्षी तिने गांधीनगर येथे कनिष्ठ मुलींचे जागतिक अजिंक्यपद मिळविले. सप्टेंबरमध्ये बुडापेस्टच्या ऑलिम्पियाडमध्ये, पुण्याचे ग्रँडमास्टर अभिजित कुंटे यांच्या कर्णधारपदाखाली, भारतीय महिला संघाने प्रथमच सुवर्ण जिंकले आणि दिव्याने तिसऱ्या पटावरील वैयक्तिक सुवर्णही पटकावले. उत्तर तिने पटावर दिले, हे खरे. परंतु प्रत्येक मुलीने आधी अवहेलना सोसावी आणि मग पराक्रमाने तिला उत्तर द्यावे, ही अपेक्षा मातृशक्तीचा गौरव करणाऱ्या समाजास शोभणारी नाही. १९७६ चा आक्षेप आणि २०२४ ची शेरेबाजी यांची भाषा वेगळी असली, तरी मूळ एकच आहे.

चतुरंगाची जन्मभूमी म्हणून भारताने अभिमान बाळगणे योग्यच आहे. पण अभिमान कृतीत उतरला नाही, तर तो केवळ व्याख्यानापुरता उरतो. या कामासाठी शासनाच्या योजनेची वाट पाहण्याचे कारण नाही. सायंकाळी रिकामी पडणारी शाळेची एक खोली, दहा-बारा पट, चार घड्याळे आणि आठवड्यातून तीन दिवस येणारा एखादा जाणता खेळाडू, एवढ्यावर तालुक्याच्या गावी मंडळ सुरू होऊ शकते. गावोगावच्या कार्यकर्त्यांनी ते मनावर घ्यावे. लहान गावातील मुलीला स्पर्धेसाठी मोठ्या शहरात जावे लागले, तर तिची निवासाची सोय एखाद्या परिचित कुटुंबात व्हावी आणि मुलींच्या गटाबरोबर जाण्यास एखादी जबाबदार भगिनी पुढे यावी. प्रवासखर्चासाठी स्थानिक पातळीवर छोटासा निधी उभारणेही अवघड नाही. आणि दहावी-बारावीचे वर्ष आले की घरातील पट माळ्यावर टाकण्यापूर्वी पालकांनी निदान एकदा मुलीच्या प्रशिक्षकाशी बोलावे.

बुद्धिबळात एकटे पुढे धावलेले प्यादे बहुधा मारले जाते. मागून इतर मोहऱ्यांचा आधार असेल, तरच ते शेवटच्या घरात पोहोचून वजीर होते. खाडिलकर भगिनींच्या पाठीशी त्यांचे घर होते, दिव्याच्या पाठीशी तिचे. ज्या मुलींच्या घराची ऐपत तेवढी नाही, त्यांच्या पाठीशी समाजाने उभे राहिले, तर महाराष्ट्राला पुढच्या महिला ग्रँडमास्टरसाठी पुन्हा पन्नास वर्षे थांबावे लागणार नाही.